नवसाचा मोठा

माझ्या धाकट्या भावाचा मला आयुष्यभर हेवा वाटला. भाऊ गेला तेव्हा हेवाही गेला असेल, असं लोकांना वाटतं. लोकांना काय, काहीही वाटतं. जिवंत माणसाचा हेवा एक वेळ परवडला. तो मधूनच कुठेतरी चुकतो, तोंडघशी पडतो आणि आपल्याला जरा बरं वाटतं. गेलेला माणूस तेवढीही सोय ठेवत नाही.

तो कॅथलिक धर्मगुरू होता. हरसूलच्या पलीकडे, डोंगरातल्या एका लहानशा मिशनवर होता. तिथे पटकीची साथ आली तेव्हा लोकांना जगवता जगवता त्याच साथीत गेला. अजून दर वर्षी आमच्या चर्चमध्ये त्याच्यासाठी मिस्सा, म्हणजे वेदीवरची मोठी प्रार्थना होते, फोटोला हार घालतात, आणि बाहेर पडताना कोणीतरी हटकून माझा हात हातात घेऊन म्हणतं, "तुम्ही भाग्यवान, असा भाऊ मिळाला." मी मान हलवतो आणि चपला शोधायला लागतो.

खरं म्हणजे त्या फोटोच्या जागी मी असायला हवा होतो. हे मी उगाच म्हणत नाही. नवस माझा होता.

माझ्या आईवडिलांना लग्नानंतर बरीच वर्षं मूल नव्हतं. वडील नाशिक रोडला प्रेसमध्ये कामाला, राहायला क्वार्टर, आणि क्वार्टरच्या भिंती पातळ. शेजारी बाळ रडलं की आईला ते आपल्याच घरात रडल्यासारखं ऐकू यायचं. फेब्रुवारीत आमच्याकडे बाळ येशूची यात्रा भरते. हिंदू, ख्रिस्ती, सगळेच मेणबत्त्या घेऊन रांगेत उभे असतात. त्या रांगेत आईनं नवस केला, की पहिला मुलगा झाला तर तो तुझा, तुझ्या वेदीपाशी आणून देईन. पुढच्या यात्रेच्या आत मी झालो.

आमच्या लोकांत अशी गोष्ट कोणी लपवत नाही, उलट मिरवतात. त्यामुळे मी चालायला लागायच्या आत सगळ्या पॅरिशला, म्हणजे आमच्या चर्चच्या सगळ्या घरांना ठाऊक होतं की हा नवसाचा, हा पुढे फादर होणार. मिस्साच्या वेळी मी वेदीपाशी घंटी वाजवायला उभा असायचो आणि बायका आपल्या पोरांना माझ्याकडे बोट दाखवायच्या. मला कोणी मारायचं नाही. सिस्टर मला जास्तीचा केक द्यायच्या. धाकटा माझ्यामागून झाला, नवसाशिवाय, आपोआप. त्याच्याकडे कोणी बोट दाखवायचं नाही, खोडी काढली की पाठीत बसायची, आणि केक तो माझ्या हातातून हिसकावून खायचा. म्हणजे तेव्हा जळायची पाळी त्याची होती. पण तो जळायचा नाही. हे मला तेव्हाही खटकायचं.

दहावी झाल्यावर मी सेमिनरीत, म्हणजे फादर घडवतात त्या शाळेत गेलो. नव्वदच्या दशकाची सुरुवात होती. मला सोडायला आई स्टेशनवर आली तेव्हा गाडी हलल्यावर ती प्लॅटफॉर्मवरून गाडीबरोबर चालत राहिली, वडिलांनी दंड धरून तिला थांबवलं. मी मात्र खुशीत होतो. सेमिनरीत पहाटेची घंटा, प्रार्थना, मग बागेत काम, मग वर्ग, जेवताना मौन. बाकीच्या मुलांना घरची आठवण येऊन रडू यायचं, मला यायचं नाही. मला तिथलं सगळं आवडायचं, अगदी पातळ डाळसुद्धा. लोक माझ्याबद्दल जे बोलत आले होते ते खरं निघालं, आपण खरंच याच्यासाठी जन्मलो, असं मला वाटायला लागलं होतं.

दुसऱ्या वर्षाच्या शेवटी रेक्टर फादरांनी मला बोलावलं. ते म्हणाले, "बाळ, तुझं पाचारण दुसरीकडे आहे. घरी जा. घरी तुझी गरज आहे."

मी विचारलं, "फादर, माझं काय चुकलं?"

"काही चुकलं नाही," ते म्हणाले, आणि माझ्याकडे न बघता खिडकीबाहेर बघायला लागले. मी पुन्हा विचारलं, तर ते उठून उभे राहिले. म्हणजे बोलणं संपलं.

सेमिनरीतून परत आलेल्या मुलाचं आमच्या समाजात काय होतं ते बाहेरच्यांना कळायचं नाही. कोणी काही बोलत नाही. बोलणं बंद होतं, हेच ते. ज्या बायका बोट दाखवायच्या त्या माझी वाट चुकवायला लागल्या. देवाला दिलेला आणि देवानं न घेतलेला मुलगा, त्याच्याशी काय बोलायचं? घरी आईनं मला एक अक्षर विचारलं नाही. मी आलो त्या दिवशी तिनं मटण केलं आणि मला वाढतच राहिली. मला वाटलं, लाज वाटत असेल तिला, म्हणून विचारत नाही.

आणि पुढच्याच वर्षी धाकटा गेला. त्याच सेमिनरीत. त्याच्या वेळी आई स्टेशनवर रडली नाही, नुसती उभी राहिली. मी तिच्या शेजारी उभा होतो, आणि मला वाटलं, ही अभिमानानं ताठ उभी आहे. पहिलं नाणं खोटं निघालं, आता दुसरं तरी चालेल म्हणून हिचा जीव भांड्यात पडलाय. तेव्हापासून मला एकच हवं होतं. देवानं म्हटलं नाही तर नाही, पण आईनं तरी एकदा तोंडानं म्हणावं की माझा खरा तूच.

मी आयटीआय केला. ओझरच्या विमान कारखान्यात लागलो. सकाळी बस पकडायची, दिवसभर मशिनपुढे उभं राहायचं, संध्याकाळी बसमध्ये झोपत यायचं. वडील रिटायर झाल्यावर आम्ही जेल रोडला घर घेतलं. लग्न झालं. बायकोला माझी हकीकत माहीत होती. भांडण झालं की ती म्हणायची, "तुम्हाला फादर करून घेतलं असतं तर निदान माझी सुटका झाली असती." 

धाकट्याचं शिक्षण चालूच होतं, फादर व्हायला डॉक्टर व्हायच्या दुप्पट वर्षं लागतात. अखेर त्याची दीक्षा झाली आणि दुसऱ्या दिवशी आमच्या पॅरिशमध्ये त्याची पहिली मिस्सा. मांडव, बँड, हार. मिस्सा संपल्यावर नवे फादर पहिला आशीर्वाद आईवडिलांना देतात, अशी रीत आहे. वडिलांचे गुडघे धरलेले होते तरी ते गुडघे टेकून बसले. आई बसली. माझ्या डोळ्यांसमोर माझ्या आईनं त्या हुंदडणाऱ्या, केक हिसकावणाऱ्या पोराचे तळवे धरून त्यांचा मुका घेतला. नंतर माझी पाळी आली. मीही गुडघे टेकले, काय करणार, सगळा मांडव बघत होता. त्यानं माझ्या डोक्यावर हात ठेवला तो बराच वेळ उचललाच नाही. मला वाटलं, दमला असेल.

आणि त्या दिवसापासून आई त्याला "अहो फादर" म्हणायला लागली. पोटच्या पोराला! "फादर, चहा घेता का? फादर, पंखा लावू?" तो म्हणायचा, "आई, असं नको ना गं." पण ती ऐकायची नाही. मला मात्र शेवटपर्यंत "ए, जरा सिलिंडर बघ." मी त्याला फादर म्हणायचं टाळायचो, नावानं हाक मारणं आता बरं दिसायचं नाही, त्यामुळे मला काही हवं असलं की मी उठून त्याच्यासमोर जाऊन उभा राहायचो.

त्याला हरसूलकडचं मिशन मिळालं. वर्षातून एकदोनदा घरी यायचा. आल्यावर आधी ग्लास उजेडात धरून बघायचा, विसळायचा, मग पाणी प्यायचा. ही त्याची लहानपणापासूनची खोड. मग जेवायला बसला की पाड्यांवरच्या गोष्टी. कोणाच्या घरी नागलीची भाकरी खाल्ली, कोणाची पोरगी बारावी झाली, कोणी त्याला बांबूची टोपी करून दिली. आई हातातलं काम टाकून ऐकायची. मी ओझरहून काही सांगायला लागलो तर म्हणायची, "थांब जरा, फादर बोलतायत."

पुढे पुढे तर पाडाच आमच्या घरी यायला लागला. तिकडचं कोणी नाशिकला सरकारी दवाखान्यात दाखवायला आलं की मुक्काम आमच्याकडे. "आमच्या फादरचं घर," असं म्हणत बिनधास्त आत. आमच्या. मी मुकाट गाद्या घालायचो, माझा टॉवेल त्यांना द्यायचो, आणि ते मला विचारायचे, "तुमी कोन?"

वडील गेले तेव्हा तो आला, मिस्सा त्यानंच केली, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी परत गेला. दफनभूमीत वडिलांच्या शेजारी थोडी जागा होती. आई मला म्हणाली, "ती माझ्यासाठी ठेव."

साथ आली तो जूनचा शेवट होता. त्या वर्षी तिकडच्या विहिरी पार तळाला गेल्या होत्या, आणि मग पाऊस असा कोसळला की डोंगरावरची सगळी घाण त्यांच्यात उतरली. आधी एका पाड्यावर हगवण-ओकारी लागली, मग शेजारच्या, मग सगळीकडे. सरकारी माणसं तिला गॅस्ट्रो म्हणत होती, मिशनच्या दवाखान्यातल्या सिस्टर पटकी म्हणत होत्या. मरणाऱ्याला दोन्ही सारखंच. मिशनवर फादर दोघे. एक माझा भाऊ आणि दुसरे वसईकडचे म्हातारे फादर, ज्यांची उभी हयात त्या डोंगरात गेली होती. त्यांनी शाळेचे वर्ग रिकामे केले, चटया टाकल्या आणि खिडक्यांच्या गजांना सलाइनच्या बाटल्या बांधल्या.

त्यानं मला हरसूलहून एकदा फोन केला. म्हणाला, "दादा, सुट्टीला येणार होतो, आता येत नाही. आईला सांग."

मी तडकलोच. "तुला काय झालं तर आईचं काय? याचा कधी विचार केलास?"

तो हसला. म्हणाला, "आईजवळ तू आहेस ना." त्याच्या मागे रस्त्यावरच्या गाडीचा आवाज होता. मला ते बोलणं टोमण्यासारखं लागलं, मी फोन ठेवला.

त्यानंतर म्हातारे फादर गेले. त्यांना पुढेमागे कोणी नव्हतं, भावानं त्यांना मिशनच्या आवारातच पुरलं. पेपरमध्ये बातमी आली, शेवटच्या ओळीत भावाचा उल्लेख होता, की तरुण फादर अजून तिथेच आहेत. आईनं तो पेपर घडी करून उशीखाली ठेवला आणि जपमाळ घेऊन बसली. जेवायला उठायची, परत बसायची.

मग एके दिवशी सकाळी सिस्टरांचा फोन आला. मी कामावर निघालो होतो, बूट घातलेले होते. सिस्टर म्हणाल्या, "फादर गेले. पहाटे." मी आईकडे वळलो तर तिला कळलं होतं. ती रडली नाही. म्हणाली, "त्याला घेऊन ये. बाबांशेजारची जागा त्याला देऊ. घेऊन ये त्याला." दीक्षा झाल्यापासून पहिल्यांदाच ती त्याला अरेतुरे करत होती.

पॅरिशची जीप मिळाली. त्र्यंबकच्या रस्त्यानं निघालो. मला दुःख झालं नव्हतं असं नाही.  पण त्याच्या खाली, खोटं कशाला सांगू, जुनं दुखणं ठसठसत होतंच. मी इथे मशिनवर उभा राहून म्हातारा होणार, पेन्शन घेणार, आणि एक दिवस कोणाला न कळता मरणार. आणि यानं काय मरण मिळवलं! माझ्या वाट्याचं मरण यानं मिळवलं. नवसाचा मी, आणि वेदीवर गेला हा. गाडीत मी हाच विचार करत होतो, आणि एकीकडे रडतही होतो. ड्रायव्हरनं मला पाणी दिलं. निदान आता तरी त्याला घरी नेऊ, म्हटलं. एकदा तरी तो आमचा होईल.

हरसूलच्या पुढे ओढ्यावरच्या फरशीपुलावरून पाणी चाललं होतं. ते उतरेपर्यंत थांबलो आणि मग पोचलो.

शाळेच्या ओसरीवर पुरुष बसले होते, ओळीनं, आणि सगळ्यांची डोकी नुकतीच भादरलेली. तरणे, म्हातारे, सगळे. आम्ही ख्रिस्ती लोक केस काढत नाही. त्यांच्यात घरचं माणूस गेलं की घरचे पुरुष काढतात. मी सख्खा भाऊ, तेल लावून भांग पाडलेला, आणि त्या ओसरीवर परका दिसत होतो तो मीच. वाटलं, न्हाव्याला बोलवा आणि माझंही डोकं भादरा, आत्ताच्या आत्ता.

सिस्टर मला आत घेऊन गेल्या. पेटी बंद केलेली होती. त्यांनी शांतपणे सगळं सांगितलं. साथ पसरली तेव्हा लोक मीठ-साखरेचं पाणी प्यायला तयार नव्हते. पुडीतल्या पावडरीनंच रोग होतो, अशी आवई उठली होती. तेव्हा म्हाताऱ्या फादरांनी जुना शिरस्ता चालू ठेवला. ते त्या भागात आले तेव्हापासून कोणाच्याही घरी दिलेलं पाणी नाही म्हणायचं नाही, ज्या भांड्यात मिळेल त्यात प्यायचं, अशी त्यांची पद्धत. आता ते घराघरांत जाऊन त्याच घरच्या पाण्यात पावडर कालवायचे, आधी स्वतः घोट घ्यायचे, मग आजाऱ्याच्या तोंडाला लावायचे. पाणी उकळा म्हणून सांगायचे, पण सगळीकडे सरपण ओलं, उकळत कोण बसणार? ते गेल्यावर माझा भाऊ तसंच करायला लागला. सिस्टरांनी त्याला विनवलं की तुम्ही पिऊ नका, नुसतं पाजा. तो म्हणाला, मी प्यालो नाही तर ते पीत नाहीत.

मी ऐकत होतो आणि माझं डोकं सणकत होतं. आमच्या घरचा घासलेला ग्लास ह्याला चालत नव्हता. आई फडक्यानं पुसून द्यायची तरी उजेडात धरायचा. आणि इथे कोणाच्याही मडक्यातलं, कसलंही, गटागटा! मला त्या पाण्याचाही राग आला.

"जीप होती ना तुमची?" मी विचारलं. "त्याला नाशिकला का नाही आणलं?"

"जीपमध्ये एक बाई आणि तिची दोन लेकरं पाठवली त्यांनी," सिस्टर म्हणाल्या. "जीप परत येईपर्यंत फरशीवर पाणी चढलं."

मग त्या म्हणाल्या, की आता घरचे म्हणतील तसं करू. न्यायचं असेल तर आजच न्या आणि पेटी उघडू नका. शेजारच्या मिशनचे फादर मिस्सा करायला आले होते, तेही म्हणाले, तुम्ही ठरवा. बाहेर म्हाताऱ्या फादरांच्या ताज्या कबरीशेजारी लोकांनी दुसरी खणायला घेतली होती. मी येतोय म्हटल्यावर अर्ध्यात थांबवली होती.

मी म्हणालो, "न्यायचं आहे."

मला वाटलं, ओरडतील, आडवे पडतील. म्हणजे मला भांडता आलं असतं. पण ते भादरलेले पुरुष मुकाट उठले आणि पेटी उचलायला आत आले. एवढ्यात एक म्हातारी काठी टेकत पुढे आली. तिची सून साथीतून वाचलेली, हे मला नंतर कळलं. तिनं मला खालून वर न्याहाळलं.

"तुमी मोठा भाव ना?" ती म्हणाली. "आयनं ठेवून घेतलेला?"

"काय?"

"तो सांगं ना. आयनं मोठ्याला जवळ ठेवून घेतला न् मला देवाला दिला. लय हसून सांगं."

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. म्हणजे तिथेही यानं आपलं मोठेपण मिरवलं, आणि माझी अब्रू झाकायच्या नावाखाली गोष्ट रचली! मी चिडून म्हणालो, "आजी, मला कोणी ठेवून घेतलेलं नाही. मला सेमिनरीतून परत पाठवलं. मी नवसाचा होतो. मी!"

"आमाला काय ठावं बाबा," ती म्हणाली. "तो सांगं ते मी सांगते. तुमचा भाव हाय, न्या. तुमाला कोन नाय म्हननार? पन देवाला सोडलेला कोंबडासुदिक आमी परत घरात नाय आनत."

पेटी उचललेले लोक उभे राहिले होते, माझ्याकडे बघत. पाऊस भुरभुरत होता. मला खरंतर त्यांचं मन राखायचं नव्हतं, त्यागबिग काही करायचा नव्हता. माझं डोकं फिरलं होतं, बस. "ठेवा मग तुमच्याकडेच," मी म्हणालो. "तुमचाच आहे ना, ठेवा."

त्यांना वाटलं, मी मोठ्या मनानं दिला. म्हातारीनं माझ्या तोंडावरून हात फिरवून कानशिलावर बोटं मोडली. खड्ड्यात पाणी साठलं होतं, ते त्यांनी डब्यानं उपसलं. मिस्सा झाली. पहिली मूठ माती मला टाकायला लावली. ती चिखलच होती, हाताला चिकटून राहिली, पडेना.

घरी पोचलो तेव्हा दिवस मावळायला आला होता. अंगणात खुर्च्या मांडल्या होत्या, शेजारी बसले होते, पेटी ठेवायला बाक धुऊन पुसून ठेवलं होतं. आई दारात उभी होती. तिनं माझ्याकडे पाहिलं नाही, माझ्या मागे जीपकडे पाहिलं.

"कुठंय?"

"तिथेच ठेवला."

 मी तिला आत नेलं, बायकोला दार ओढून घ्यायला सांगितलं, आणि सगळं सांगितलं. म्हातारीचं बोलणंही सांगितलं. सांगता सांगता माझा आवाज चढला. "तो तिथे सगळ्यांना सांगायचा की तू मला ठेवून घेतलंस. का सांगायचा असं? मला लाज वाटू नये म्हणून? तू सांग आता. मला कोणी ठेवून घेतलं?"

आई पलंगाच्या कडेवर बसली. तिनं डोक्यावरचा पदर सारखा केला.

"आणला नाहीस ते बरं केलंस," ती म्हणाली. "मीच चुकले. देवाला दिलेलं परत मागायचं नसतं. एकदा मागितलं होतं मी. तुला."

मला काही कळेना. ती जमिनीकडे बघत बोलत राहिली. मी सेमिनरीत गेल्यापासून तिला घास उतरत नव्हता. वडिलांना बहिणीकडे जाते सांगून ती एकटी एसटीनं सेमिनरीत गेली होती आणि रेक्टर फादरांच्या खोलीत खाली जमिनीवर बसली होती. म्हणाली होती, माझा मोठा मला परत द्या, त्याच्या जागी धाकटा देते. ते म्हणाले, बाई, असं नसतं. ती म्हणाली, नवस माझा आहे, काय द्यायचं ते मी ठरवीन. त्यांनी उठवलं तरी ती उठली नव्हती.

"पहिला तू होतास ना," आई म्हणाली. "किती वर्षांनी झालेला. तुझ्यावाचून मला राहवेना. देवाला काय, कुठलाही चालेल असं वाटलं मला."

बाहेर खुर्च्या सरकल्याचा आवाज आला, माणसं उठून जात होती.

"आणि तो?" मी विचारलं. "त्याला कधी कळलं?"

"कळलं नाही. मीच विचारलं त्याला. म्हटलं, दादाच्या जागी तू जाशील का? नाही म्हणालास तरी मी रागावणार नाही. हातातला ग्लास विसळून ठेवला. मग म्हणाला, जातो. म्हणाला, दादाला सांगू नकोस, त्याला वाईट वाटेल."

आईनं माझा हात धरला. नखांत अजून तिकडचा चिखल होता. इतकी वर्षं जे तिच्या तोंडून ऐकायला तरसलो होतो ते तिनं आता सांगितलं होतं, माझा खरा तूच. मी ते ऐकलं. आणि मला हेवाच वाटला, त्याचाच, पूर्वी कधी वाटला नव्हता एवढा. त्याला निदान तिनं विचारलं तरी होतं.